आधी चर, मग फरशी

अंगणात फरशी बसवायची म्हटली की रंग निवडायला आपण बायका पुढे. लाल की करडी, चौकोनी की नागमोडी! पण त्याच फरशीखालून बोअरच्या मोटारीची आणि फाटकावरच्या दिव्याची वायर जाणार असते. ती कशी टाकताहेत हे बघायला आपल्यापैकी कितीजणी उभ्या राहतात? 'ते पुरुषांचं काम' म्हणत आपण चहा टाकायला आत जातो. मला हे मुळीच पटत नाही. ओल्या अंगणात सडा घालायला, भांडी घासायला, कपडे वाळत टाकायला कोण असतं? आपणच ना!

महिला मंडळाच्या कामासाठी मी घरोघरी जाते. बहुतेक ठिकाणी तऱ्हा एकच. घरातली साधी वायर पाण्याच्या पाइपच्या तुकड्यात कोंबलेली, वर जेमतेम वीतभर माती. मध्येच जोड, त्यावर काळी चिकटपट्टी. गेल्या पावसाळ्यात आमच्या गल्लीतली एक सून जास्वंद लावत होती, तर खुरप्याखाली अशीच वायर आली. खुरप्याला लाकडी मूठ होती म्हणून वाचली बिचारी. घरच्यांनी काय करावं? देवापुढे नारळ फोडला आणि त्याच वायरला पुन्हा पट्टी गुंडाळली!

आयएस १२५५ या भारतीय मानकानुसार घरगुती दाबाची केबल पाऊण मीटर, म्हणजे अडीच फूट खोल हवी. एवढ्या खाली खुरपं सहसा पोचत नाही. केबल आर्मर्ड घ्यायची, म्हणजे आत धातूच्या तारांचं चिलखत असलेली. खाली-वर वाळूचा थर, म्हणजे दगडाचं टोक रुतत नाही. त्यावर आडव्या विटा. पुढे कधी कुणी खणायला लागलं तर कुदळ आधी विटेवर आदळते आणि माणूस थबकतो. किती साधी युक्ती! गाडी जाते तिथे केबल मजबूत पाइपातून न्यायची. जमिनीत जोड नकोच. आणि चिलखताला अर्थिंग हवंच हवं.

मीटरजवळ ३० मिलिअँपियरचा आरसीसीबी बसवून घ्या. दुकानदार म्हणेल, "ताई, एमसीबी आहे की!" पण एमसीबी जास्तीच्या प्रवाहाने वायर तापू नये म्हणून असतो. ओल्या मातीतून किंवा आपल्या अंगातून जाणारा थोडासा प्रवाह त्याच्या लक्षातही येत नाही. आरसीसीबी मात्र क्षणात वीज तोडतो. त्यावर चाचणीचं बटण असतं, ते अधूनमधून दाबून बघावं. वीज गेली नाही, तर तो बदलायलाच झाला.

'एवढा खर्च कशाला?' हे ऐकावं लागणारच. आर्मर्ड केबल महाग आहे, खोटं कशाला बोलू? पण फरशी एकदा बसली की खालचं सुधारायला ती उखडावी लागते, म्हणजे खर्च दुप्पट. आणि वायरमनला "भाऊ, परवाना दाखवता का?" असं विचारण्यात संकोच कसला? सोन्याच्या दुकानात हॉलमार्क बघतोच की आपण.

चर बुजवण्याआधी त्यात टेप धरून मोबाइलवर फोटो काढा. भिंतीपासून किती फुटांवर केबल आहे ते कागदावर लिहून मीटरच्या पेटीत चिकटवा. आमच्याकडच्या एका आजींनी तर कुंपणाच्या भिंतीवर ऑइलपेंटने बाणच काढून घेतलाय. चालेल की तेही!