पैसा जनतेचा, मग कोड ठेकेदाराचा कसा?

स्पष्टच बोलतो. आपल्या नगरपालिकेचं घरपट्टीचं ॲप बंद पडलंय. चौकशीला गेलो तर उत्तर मिळालं, "ठेका संपला, आता नवीन टेंडर निघेल." मग जुनं ॲप? ते ठेकेदाराकडे. कोड पालिकेला द्यायचा, असं करारात नाहीच म्हणे! रस्त्याचा ठेकेदार काम संपल्यावर रस्ता गुंडाळून घरी नेतो का?

गंमत पुढे आहे. अशी बरीच ॲप्स फ्लटर किंवा रिॲक्ट नेटिव्हवर बनतात. माहिती पोस्टग्रेस नाहीतर मायएसक्यूएलमध्ये राहते, सर्व्हरवर लिनक्स चालतं. हे सगळं ओपन सोर्स, म्हणजे कुणीही वाचावं, वापरावं, बदलावं असं खुलं ठेवलेलं. त्यावर चार स्क्रीन चढवून ठेकेदार कुलूप लावतो. एमआयटी, बीएसडी अशा परवान्यांत तशी मुभा आहे, त्यामुळे त्याला चोर म्हणता येत नाही. दोष टेंडर लिहिणाऱ्यांचा.

बरं, धोरण नाही असंही नाही. केंद्र सरकारने २०१५ मध्येच ठरवलं की सरकारी कामात ओपन सोर्सला पहिली पसंती द्यायची, आणि ते वगळायचं तर पुरवठादाराने कारण द्यायचं. हे धोरण केंद्राच्या खात्यांसाठी आहे, राज्यांनी हवं तर स्वीकारायचं. पालिकेवर बंधन नसेल, पण मनाई तर कुणी केलेली नाही ना?

"फुकटचं बिनभरवशाचं असतं" असं सांगणारे भेटतील. केरळच्या सरकारी शाळा कित्येक वर्षं लिनक्सवर चालतायत. घरपट्टी, पाणीपट्टी, तक्रारी यांसाठी 'डिजिट' नावाचा खुला प्लॅटफॉर्म आहे, पंजाबातल्या पालिका तो वापरतात. जगभर वापरलं जाणारं ईआरपीनेक्स्ट तर आपल्या मुंबईत बनलं. आणि फुकट कोण मागतंय? बसवायला, चालवायला, दुरुस्तीला पैसे लागणारच, ते द्या. फक्त उद्या ठेकेदार बदलला तर दुसऱ्याला तिथूनच काम पुढे नेता आलं पाहिजे.

दुसरा आक्षेप, "कोड उघडा ठेवला तर हॅकर घुसतील." धोका खोटा नाही. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजे या खुल्या लायब्ररीतलं मोठं भगदाड जगजाहीर झालं, जगभर धावपळ झाली. ती सांभाळणारे मूठभर स्वयंसेवक होते, तरी दुरुस्ती लगेच आली. यातून धडा हा की देखभालीला पैसा आणि माणूस ठेवा. बंद कोडमध्येही भोकं असतातच. फक्त ती ठेकेदाराशिवाय कुणी बुजवू शकत नाही, आणि ठेकेदार तर निघून गेलेला असतो. लोकांची माहिती आणि पासवर्ड उघडे टाका असं कुणीच म्हणत नाहीये. कोड वेगळा, डेटा वेगळा.

आता काम. नवीन टेंडर निघायच्या आत माहिती अधिकाराचा अर्ज टाकू. दहा रुपयांचा खर्च. प्रश्न चारच:
१. जुन्या ॲपवर एकूण किती खर्च झाला?
२. कोडची मालकी कुणाची?
३. आपला डेटा कुठे आहे, आणि तो परत कसा मिळणार?
४. नवीन टेंडरमध्ये ओपन सोर्सची आणि कोड पालिकेकडे सोपवण्याची अट आहे का?

मी अर्ज टाकतोय. प्रत्येक प्रभागातून एक तरी जावा. तुमच्या नगरसेवकालाही हेच विचारा, मतं मागायला येईल तेव्हा नको, आत्ताच.