सळईवरच्या ‘५०० डी’मधला ‘डी’ नेमका कशासाठी? चिकलठाण्याच्या प्रेस शॉपपासून किल्लारीपर्यंत ‘तन्यते’ची गोष्ट

जालना रोडवर चिकलठाणा विमानतळाच्या आसपास थोडा वेळ थांबलं तरी हे दृश्य दिसतं. जालन्याच्या बाजूने सळयांनी भरलेल्या गाड्या येत असतात. लांब ट्रेलरवरच्या सळया सरळ असतात. छोट्या टेम्पोतल्या मात्र मधोमध दुमडून इंग्रजी ‘यू’ अक्षरासारख्या केलेल्या असतात, कारण बारा मीटरची, म्हणजे जवळपास चाळीस फुटांची सळई टेम्पोत मावत नाही. साइटवर गेल्यावर ती पुन्हा सरळ करून कॉलममध्ये उभी केली जाते. यात कुणाला काही वावगं वाटत नाही. लोखंड आहे, वाकणारच!

घरातला बिडाचा तवाही लोखंडाचाच असतो. तो हातातून निसटून फरशीवर पडला तर वाकत नाही, त्याचे तुकडे होतात. मूळ धातू एकच, मग एक वाकतो आणि दुसरा तुटतो असं का? या प्रश्नाचं उत्तर शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात एका ओळीत दिलेलं असतं: तन्यता. धातूची तार काढता येण्याचा गुणधर्म म्हणजे तन्यता आणि पत्रा करता येण्याचा गुणधर्म म्हणजे वर्धनीयता. परीक्षेत दोन गुण मिळतात आणि विषय तिथेच संपतो.

मराठवाड्यात सध्या ज्या वेगाने बांधकामं आणि कारखाने उभे राहत आहेत, ते पाहता ही दोन गुणांची व्याख्या बऱ्याच मोठ्या व्यवहाराच्या मुळाशी आहे. जालन्यात सळई तयार होते, चिकलठाणा-वाळूजमध्ये पत्रा दाबला जातो आणि बिडकीन-शेंद्र्यात नवे प्रकल्प येत आहेत. या तिन्ही ठिकाणी खरा प्रश्न असतो तो धातू तुटण्याआधी किती ताणला जाईल, हा.

धातू ताणला जातो म्हणजे आत काय होतं?

धातूतले अणू एकावर एक थर रचल्यासारखे ओळीत बसलेले असतात. धातूवर जोर आला की हे थर एकमेकांवरून सरकतात. मात्र अख्खा थर एकदम सरकत नाही. मोठी सतरंजी ओढायची असेल तर ती संपूर्ण खेचणं जड जातं, पण एका टोकाला सुरकुती पाडून ती पुढे ढकलत नेली तर सतरंजी सहज सरकते. धातूच्या रचनेतही अशाच सुरकुत्या असतात. जोर आला की त्या पुढे सरकतात, तशी वस्तू लांबते किंवा वाकते. अणूंचे बंध तुटतात आणि लगेच शेजारच्या अणूशी पुन्हा जुळतात. १९३४ मध्ये टेलर, ओरोवन आणि पोलान्यी या तीन शास्त्रज्ञांनी स्वतंत्रपणे ही कल्पना मांडली आणि धातू हिशोबापेक्षा इतक्या कमी जोरात का वाकतो, हे कोडं सुटलं. काचेत अशी ओळीतली रचनाच नसते, त्यामुळे सरकायला जागा नसते. ती थेट तडकते.

ही सरकणारी सुरकुती अडवली की धातू मजबूत होतो. पोलादात कार्बन घालतात तो त्यासाठीच. पण अडथळे फार झाले तर सुरकुती कुठेच सरकत नाही, आणि मग धातू वाकण्याऐवजी तुटतो. बिडाच्या तव्यात कार्बन तीन-चार टक्के असतो आणि तो ग्रॅफाइटच्या पातळ पापुद्र्यांच्या रूपात पसरलेला असतो. प्रत्येक पापुद्रा म्हणजे आधीच पडलेली बारीक चीर. (वितळलेल्या बिडात थोडं मॅग्नेशियम घातलं की पापुद्र्यांऐवजी गोळ्या तयार होतात आणि तेच बीड बऱ्यापैकी वाकू लागतं. पाणीपुरवठ्याच्या कामासाठी रस्त्याकडेला रचून ठेवलेल्या ‘डीआय’ पाइपांमधला ‘डी’ हाच.)

मजबुती आणि तन्यता यांची ही ओढाताण लक्षात ठेवायला हवी. एक वाढवायला गेलं की बहुतेक वेळा दुसरी घटते. पुढचा सगळा विषय याच गणिताभोवती फिरतो.

चिकलठाण्यात पत्र्याचं काय चालतं?

चिकलठाणा एमआयडीसी ही शहरातल्या जुन्या औद्योगिक वसाहतींपैकी एक. १९८५ मध्ये बजाजचा वाळूजचा कारखाना सुरू झाला, तसा सुटे भाग पुरवणाऱ्या लहान-मोठ्या कारखान्यांचा व्याप वाढत गेला. साचे आणि डाय बनवण्याचं प्रशिक्षण देणारी इंडो-जर्मन टूल रूमही चिकलठाण्यातच आहे.

प्रेस शॉपमध्ये सपाट पत्र्याचा तुकडा डायवर ठेवतात आणि वरून प्रेस खाली येतो. एका ठोक्यात सपाट पत्र्याची वाटी होते, किंवा दुचाकीच्या टाकीचा अर्धा भाग. त्या क्षणी पत्रा काही जागी ताणला जातो, काही जागी आक्रसतो. ताण सोसण्याची त्याची तयारी नसेल तर कोपऱ्यात चीर पडते आणि जॉब रिजेक्ट होतो. म्हणून खोल आकारासाठी ‘डीडी’ किंवा ‘ईडीडी’ दर्जाचा पत्रा मागवतात, म्हणजे खोल ओढता येणारा मऊ पत्रा. तो तुटण्याआधी मूळ लांबीच्या ३५-४० टक्के ताणला जाऊ शकतो.

आता चित्र बदलतंय. भारत एनकॅप ही कारच्या सुरक्षेला तारे देणारी चाचणी १ ऑक्टोबर २०२३ पासून देशात सुरू झाली. धडकेत प्रवाशांभोवतीचा सांगाडा टिकावा आणि गाडीचं वजनही वाढू नये, यासाठी कंपन्या जास्त मजबुतीचं पोलाद वापरू लागल्या आहेत. दरवाजांमधल्या खांबांसाठी वापरलं जाणारं सर्वांत कडक पोलाद थंड अवस्थेत जेमतेम पाच-सहा टक्के ताणलं जातं. त्यामुळे ते लाल होईपर्यंत तापवून मऊ असतानाच दाबतात आणि साच्यातच थंड करतात. त्याहून थोडं कमी कडक पोलाद थंडच दाबता येतं, पण ठोका संपला की ते पुन्हा उसळी घेतं. नव्वद अंशांत वाकवलेला पत्रा ब्याण्णव-त्र्याण्णववर जाऊन थांबतो. मग डाय आधीच जास्त वाकवून बनवावी लागते, प्रेसही जास्त टनांचा लागतो.

बिडकीनमध्ये एथर एनर्जीने सुमारे २ हजार कोटींचा प्रकल्प जाहीर केला. टोयोटा किर्लोस्करने ३१ जुलै २०२४ रोजी राज्य सरकारशी सुमारे २० हजार कोटींच्या गुंतवणुकीचा सामंजस्य करार केला. बातम्यांत चर्चा कोटींच्या आकड्यांची आणि नोकऱ्यांची झाली. पण दुचाकीचा मऊ पत्रा दाबण्यात आयुष्य गेलेल्या चिकलठाण्यातल्या छोट्या प्रेस शॉपला कारचं काम मिळणार की नाही, हे बऱ्याच अंशी त्याची डाय आणि प्रेस हे कडक पोलाद हाताळू शकतात का, यावर ठरेल. जमीन आणि वीज यांच्याइतकीच या तयारीची चर्चा व्हायला हवी. ती फारशी होताना दिसत नाही.

आणि सळईचं?

पत्रा फाटला तर जॉब भंगारात जातो. सळईचं तसं नाही.

सळईसाठी आपल्याकडे ‘आयएस १७८६’ हे मानक आहे. त्यातल्या ‘एफई ५००’चा अर्थ असा, की एक चौरस मिलिमीटर जाडीच्या पोलादावर किमान ५०० न्यूटन ओढ येईपर्यंत ते कायमचं लांबणार नाही. १२ मिलिमीटरची सळई घेतली तर हा हिशोब साडेपाच टनांच्या पुढे जातो. म्हणजे आकडा मजबुती सांगतो. त्यापुढचा ‘डी’ हे अक्षर तन्यतेसाठी आहे.

दोन्हींत फरक किती? साध्या ‘५००’ सळईने तुटण्याआधी किमान १२ टक्के लांबायला हवं, ‘५०० डी’ने किमान १६ टक्के. १२ मिलिमीटरच्या सळईवर ६० मिलिमीटर अंतरावर दोन खुणा करून ती यंत्रात ओढली, तर तुटेपर्यंत साध्या सळईवरच्या खुणांमधलं अंतर किमान ६७.२ मिलिमीटर व्हायला हवं, ‘डी’वरचं ६९.६. फरक अडीच मिलिमीटरचा, बोटभरही नाही. म्हणूनच ग्राहकाला त्याचं महत्त्व पटवणं अवघड जातं. ‘५५०’ हा आकडा ‘५००’पेक्षा मोठा आहे, हे सांगणं मात्र सोपं असतं. साध्या ‘५५०’मध्ये लांबण्याची किमान मर्यादा १० टक्क्यांवर येते, हे दुकानात कुणी सांगत नाही.

टीएमटी सळईची करामतही समजून घेण्यासारखी आहे. लाल तापलेली सळई रोलमधून बाहेर पडताच जोरदार पाण्याच्या फवाऱ्यातून जाते. बाहेरची साल झटकन थंड होऊन कडक होते, गाभा मात्र गरमच राहतो. मग गाभ्यातली उष्णता सालीकडे येते आणि तिचा ठिसूळपणा कमी करते. वरून कडक, आतून मऊ अशी ही रचना एका सळईत मजबुती आणि तन्यता दोन्ही देते. साइटवर वाकवणं सोपं जावं म्हणून कुणी अशी सळई भट्टीत तापवली, तर ही सगळी मेहनत वाया जाते.

जालन्यातला बराचसा उद्योग इंडक्शन फर्नेसवर चालतो. भंगार आणि स्पाँज आयर्न वितळवून पोलाद करायचं, अशी ही पद्धत. देशभरात या भट्ट्यांसमोर एक जुनी अडचण असते, ती फॉस्फरसची. फॉस्फरस वाढला की पोलाद थंडीत ठिसूळ होतं. ‘५००’मध्ये तो ०.०५५ टक्क्यांपर्यंत चालतो, ‘५०० डी’मध्ये ०.०४० पर्यंतच. तो काढायचा तर चुनायुक्त मळी लागते, आणि ती मळी या भट्टीचं सिलिकाचं अस्तर खाऊन टाकते. त्यामुळे नेहमीच्या इंडक्शन भट्टीत फॉस्फरस काढण्यापेक्षा तो आत येऊच न देणं हाच मार्ग उरतो. भंगार निवडून घ्यायचं, स्पाँज आयर्न तपासून घ्यायचं. गंधक कमी करायला भट्टीनंतर लॅडल रिफायनिंगचा टप्पा जोडता येतो, पण त्यालाही खर्च आहे. सळईतल्या ‘डी’साठी जास्त पैसे पडतात ते इथे.

मराठवाड्याने याची काळजी करावी का?

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीला भूकंप झाला आणि जवळपास आठ हजार माणसं गेली. त्या घरांमध्ये सळई नव्हतीच. दगड आणि मातीच्या जाड भिंती होत्या. तन्यता शून्य. जमीन हलली तेव्हा भिंती वाकू शकल्या नाहीत, कोसळल्या. त्या वेळच्या नकाशात हा भाग सर्वांत कमी धोक्याच्या झोनमध्ये होता.

सिमेंटच्या इमारतींचं उदाहरण २६ जानेवारी २००१ चं आहे. केंद्र कच्छमध्ये, पण दोनशेहून अधिक किलोमीटर दूर अहमदाबादेत बहुमजली इमारती पडल्या. भूकंपात इमारतीने अजिबात हलू नये, अशी अपेक्षा अभियंते करत नाहीत. सळईने ताणलं जावं, काँक्रीटला तडे जावेत, भिंती वाकाव्यात, पण माणसं बाहेर पडेपर्यंत छत वर राहावं, असा हा हिशोब असतो. सळई ताणली जाताना भूकंपाची ऊर्जा गिळते. ती पटकन तुटली तर हा वेळच मिळत नाही.

यासाठीचं ‘आयएस १३९२०’ हे मानक योगायोगाने १९९३ चंच. भूकंपरोधक बांधकामात ‘५००’ किंवा ‘५५०’ची सळई वापरायची तर ती १४.५ टक्क्यांहून अधिक लांबणारी हवी, असं ते सांगतं. म्हणजे १२ टक्क्यांची किमान अट जेमतेम पार करणारी साधी ‘५००’ इथे बाद होते. कॉलमच्या रिंगांची टोकं नव्वद अंशांत न ठेवता १३५ अंशांत आत वळवायला हवीत, हेही त्यातच आहे. इतक्या तीव्र वळणावर कमी तन्यतेची सळई बाहेरच्या बाजूने चिरू शकते.

अडचण अशी, की २०१६ च्या आवृत्तीनुसार हे मानक झोन ३, ४ आणि ५ मध्ये बंधनकारक आहे, झोन २ मध्ये ऐच्छिक. आतापर्यंत वापरात असलेल्या भूकंप नकाशात छत्रपती संभाजीनगर झोन २ मध्ये येतं. त्यामुळे इथे ‘डी’ घ्यायचा की नाही, हा निर्णय बहुतेकदा घरमालक, ठेकेदार आणि दुकानदार यांच्यातल्या बोलण्यावर सुटतो. मार्च आणि जुलै २०२४ मध्ये हिंगोली परिसरात ४.५ तीव्रतेचे धक्के बसले. मोठं नुकसान झालं नाही, पण कमी धोक्याचा झोन म्हणजे बिनधोक झोन नव्हे, हे किल्लारीनंतर पुन्हा एकदा दिसलं.

सळई घेताना काय पाहायचं?

कंपनीचं नाव आणि दर्जा सळईवरच उठवलेला असतो. ‘५०० डी’ मागितली असेल तर तो ‘डी’ सळईवर दिसला पाहिजे, फक्त बिलावर नव्हे. बंडलच्या टॅगवर आयएसआय चिन्ह आणि हीट नंबर असतो. त्याच हीटचा चाचणी दाखला विक्रेत्याकडे मागता येतो. त्यात ‘इलाँगेशन’च्या रकान्यात टक्केवारी दिलेली असते, तो आकडा १६ च्या वर हवा. मोठं बांधकाम असेल तर दोन-तीन तुकडे प्रयोगशाळेत देऊन ओढून आणि वाकवून तपासून घेता येतात. एकूण खर्चात ही रक्कम किरकोळ असते.

राहिला प्रश्न टेम्पोतल्या ‘यू’चा. सळई एकदा दुमडली की त्या जागी आतल्या सुरकुत्या एकमेकींत अडकतात. तिथला धातू कडक होतो आणि त्याची ताणलं जाण्याची शिल्लक कमी होते. पुन्हा सरळ केल्यावर डोळ्यांना ती जागा ओळखूही येत नाही. तार हाताने पुढे-मागे वाकवत राहिलं की ती कशी तुटते, हे सगळ्यांनी कधी ना कधी करून पाहिलेलं असतं. त्यामुळे शक्य असेल तिथे सळई सरळ मागवावी. दुमडूनच आली तर तो वळणाचा भाग कॉलम आणि बीमच्या जोडाजवळ येणार नाही अशी कापणी आधीच ठरवावी, आणि छोटे तुकडे रिंगांसाठी न वापरता बाजूला काढावेत.