चितारआळीतला घोडा

आमच्या घरी लाकडी बुद्धिबळाचा एक संच आहे. मी तिसरीत असताना वडिलांनी तो आमच्या सावंतवाडीच्या चितारआळीतून आणला. लेथवर फिरणाऱ्या लाकडाला लाखेची कांडी टेकवली की घर्षणाच्या उष्णतेने रंग वितळून लाकडावर चढतो आणि मग केवड्याचं पान घासून त्याला चकाकी आणतात, हे मी त्या दिवशी दुकानामागच्या पडवीत उभा राहून पाहिलं. राजा, वजीर, उंट, प्यादी सगळी लेथवर होतात. घोड्याचं तोंड मात्र हातानेच कोरावं लागतं, म्हणून आमच्या संचातले चारही घोडे चार तऱ्हेचे. त्यातल्या एका काळ्या घोड्याचा कान पहिल्याच आठवड्यात मोडला. आजोबा देशी पद्धतीने खेळत. प्यादं पलीकडे पोचलं की ज्या मोहऱ्याच्या घरात पोचलं ते मोहरं त्याचं व्हायचं. मी घाईने प्यादी पुढे ढकलू लागलो की ते म्हणत, "आदी घोडो भायर काढ." त्यांनी मला शिकवलेलं बुद्धिबळ एवढंच.

२०२५ साली त्या संचाची आठवण पुन्हा पुन्हा झाली. २८ जुलैला जॉर्जियातल्या बाटुमी शहरात नागपूरच्या दिव्या देशमुखने महिलांचा विश्वचषक जिंकला. अंतिम लढतीत समोर कोनेरू हंपी होती. २००२ साली, पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झालेली हंपी, जी दिव्याच्या जन्माआधीपासून हा किताब नावापुढे लावते आहे. पारंपरिक वेळेचे दोन्ही डाव बरोबरीत सुटले, जलद डावांतला पहिलाही सुटला. दुसरा दिव्याने काळ्या मोहऱ्यांनी जिंकला आणि पटावरून उठून ती आईच्या गळ्यात पडून रडली. ते छायाचित्र आपण सगळ्यांनी पाहिलं.

तो विजय किती मोठा, हे समजायला ग्रँडमास्टर कसं होतात ते माहीत हवं. हा किताब जागतिक संघटना १९५०पासून देते. त्यासाठी २५०० मानांकन गाठावं लागतं आणि तीन 'नॉर्म' मिळवावे लागतात. नॉर्म म्हणजे परदेशी खेळाडू आणि पुरेसे ग्रँडमास्टर असलेल्या एखाद्या स्पर्धेत, साधारण नऊ डावांत, २६०० मानांकनाच्या तोडीचा खेळ करून दाखवणं. असं तीनदा. जगभरात आजवर हे जमलेली माणसं दोन हजारांच्या आसपास आहेत. दिव्याकडे बाटुमीला जाताना एकही नॉर्म नव्हता. विश्वचषक जिंकणारीला हा किताब थेट मिळतो, म्हणून एकोणिसाव्या वर्षी ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. भारतीय स्त्रियांत चौथी. नागपूरला परतल्यावर तिने हे यश आपले पहिले प्रशिक्षक राहुल जोशी यांना अर्पण केलं. दिव्या ग्रँडमास्टर व्हावी ही त्यांची इच्छा होती. ते २०२०मध्येच गेले. वर्तमानपत्रात या अर्पणाची बातमी आतल्या पानावर चार ओळींत आली होती. मला ती पहिल्या पानाइतकी मोठी वाटली.

महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे. सात वेळा राष्ट्रीय विजेते, आणि तरी किताब मिळाला १९९७ साली, वयाच्या अडतिसाव्या वर्षाच्या आसपास. विश्वनाथन आनंद आणि दिब्येंदु बरुआ यांच्यानंतरचे ते देशातले फक्त तिसरे. इतका उशीर प्रतिभा कमी होती म्हणून झाला नाही. त्या काळी नॉर्म मिळेल अशी स्पर्धा देशात क्वचित भरायची, परदेशी जायचं तर विमानाचं तिकीट, परकीय चलन, रजा सगळ्याचीच ओढाताण. पुढे २०००मध्ये पुण्याचे अभिजित कुंटे झाले. नाशिकचा विदित गुजराथी २०१३मध्ये झाला आणि २०२४मध्ये टोरांटोत कॅन्डिडेट्स स्पर्धेत, म्हणजे जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या आठांत, खेळला. नागपूरचा रौनक साधवानी तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला, तर त्याच शहराच्या संकल्प गुप्ताने तिन्ही नॉर्म चोवीस दिवसांत मिळवले. ठिपसे यांच्या पिढीने ज्या दाराशी वर्षानुवर्षं उभं राहून ते उघडलं, त्यातून ही मुलं धावत आत गेली.

मराठी घरात बुद्धिबळ कसं मुरतं याचं माझ्या मनातलं सर्वांत मोठं उदाहरण मात्र खाडिलकर भगिनींचं. वासंती, जयश्री आणि रोहिणी, 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली झाली, ती वासंतीने जिंकली. त्यानंतरची जवळजवळ दहा वर्षं या विजेतेपदावर एकाच घराचा हक्क होता. १९७६ साली रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. मुलगी पुरुषांत कशी, म्हणून गदारोळ झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. अखेर जागतिक संघटनेचे अध्यक्ष, माजी जगज्जेते मॅक्स युवे यांनी निवाडा दिला की स्त्री आहे म्हणून कुणालाही अशा स्पर्धेतून वगळता येणार नाही. रोहिणी १९८१मध्ये आशियाई विजेती झाली. या तिघींपैकी कुणीही ग्रँडमास्टर नाही. पण बाटुमीच्या अंतिम फेरीत दोन्ही बाजूंना भारतीय स्त्रिया बसल्या होत्या, त्या पटाखालच्या टेबलाचा एक पाय खाडिलकरांच्या गिरगावात घडला आहे, असं मी मानतो. संपादकाच्या घरात हे घडलं याचा माझ्यासारख्या संपादकाला थोडा जास्त अभिमान वाटतो, तेवढा वाचकांनी चालवून घ्यावा.

या किताबामागे घरं कशी खर्ची पडतात, हे पाहायला सीमेपलीकडे, गोव्यात जावं. लिऑन मेंडोंसा वडिलांबरोबर मार्च २०२०मध्ये हंगेरीत होता. महासाथीमुळे विमानं बंद झाली आणि बापलेक तिकडेच अडकले. घरी परतता येत नव्हतं तेव्हा तो मिळेल ती स्पर्धा खेळत राहिला. तिन्ही नॉर्म त्या काळात झाले, शेवटचा डिसेंबरमध्ये इटलीत, चौदाव्या वर्षी. मुलाची चाल चुकली तर बापाने चेहऱ्यावर काय दाखवायचं, हे त्या वडिलांना नऊ महिने रोज ठरवावं लागलं असेल.

गेल्या पावसाळ्यात आमच्याच तालुक्यातल्या एका शालेय स्पर्धेला मी गेलो होतो. खेड्यातून आलेली दहा-अकरा वर्षांची एक मुलगी पहिल्या पटावर खेळत होती. प्रत्येक चाल आधी कागदावर लिहायची, पेन्सिल आडवी ठेवायची, हात मांडीखाली दाबून धरायची आणि मगच मोहरं उचलायची. हात मांडीखाली का, म्हणून नंतर विचारलं. म्हणाली, घाईत चाल होऊ नये म्हणून. कुणी शिकवलं? कुणीच नाही. ती डाव जिंकली. शेवटची गाडी चुकू नये म्हणून आई तिला बक्षीस समारंभाआधीच घेऊन निघाली. प्रमाणपत्र पुढे टपालाने गेलं. तिच्या गावात तिच्याशी डाव मांडायला दुसरं कुणी नाही, हे आईने जाता जाता सांगितलं.

ते वाक्य माझ्या मनातून जात नाही. आमच्या जिल्ह्यातल्या शाळेत शिकून ग्रँडमास्टर झालेलं मूल अजून नाही, याचं कारण बुद्धीत शोधू नये. सांगलीला भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळ उभं केलं, दर उन्हाळ्यात स्पर्धा भरवल्या, आयुष्यभर भरवल्या. त्या गावात लहान मुलाला संध्याकाळी समोर बसायला कुणीतरी हमखास सापडायचं. स्वाती घाटेसारखी राष्ट्रीय विजेती त्याच सांगलीची. पडसलगीकर स्वतः ग्रँडमास्टर नव्हते. राहुल जोशीही नव्हते. किताब मिळवणारा एक असतो आणि त्याच्या आधी रोज ठरल्या वेळी पट मांडून बसणारा दुसरा कुणी असतो. आपल्याकडे कमतरता आहे ती या दुसऱ्याची.

आणि ही कमतरता सावंतवाडीत असावी याचं मला जास्त वाईट वाटतं. खेळ घडवणारं गाव आहे हे. राजवाड्यात दशावतारी गंजिफांची, म्हणजे जुन्या पत्त्यांच्या खेळाची, एकशेवीस पानं आजही हाताने रंगवली जातात. राजघराण्यातल्या शिवरामराजे आणि सत्वशीलादेवी भोसले यांनी मरणपंथाला लागलेली ही कला जगवली. चितारआळीतल्या कित्येक पिढ्या मुलांच्या हाती खेळणी देत आल्या आहेत. पर्यटक इथून बुद्धिबळाचे संच घेऊन जातात, त्यांच्या दिवाणखान्यात ते शोभेला राहतात. मोती तलावाच्या काठी संध्याकाळी शेकडो माणसं बसतात, त्यांच्यात एक पट मांडलेला मला दिसत नाही.

२०२५च्या ऑक्टोबरअखेरीस खुला विश्वचषक गोव्यात, हडफड्याला सुरू झाला. २०६ खेळाडू, २७ नोव्हेंबरपर्यंत. जगज्जेता गुकेश तिथे होता, आणि खास प्रवेशिका मिळालेली आपली दिव्याही. वाटेत बांदा, पत्रादेवी, म्हापसा. इथून पन्नास-साठ किलोमीटर. दशावताराच्या नाटकाला आपण याहून लांब जातो. अशा स्पर्धेला जमेल त्याने मुलांना घेऊन जावं. चार-चार तास हलत नाहीत अशी माणसं त्यांना एकदा समोर दिसू देत.

 

एक विनंती आहे. आमच्या दिवाळी अंकाच्या कार्यालयात दर रविवारी सकाळी दहा ते बारा चार पट मांडलेले असतात. त्यातला एक आमच्या घरचा, कान मोडलेल्या घोड्यासह. खेळता येणाऱ्या मोठ्यांची गरज मुलांपेक्षा अधिक आहे, निवृत्त शिक्षकांनी तर जरूर यावं. त्या मुलीच्या आईला मी निरोप पाठवला आहे. पहिला रविवार २ नोव्हेंबर २०२५चा होता. त्या दिवशी तुळशीचं लग्न होतं, पण ते संध्याकाळी.