‘ख्रिस्ती युरोप’ नावाचा देश कोठे आहे?

आमच्या समाजात एक शब्दप्रयोग वर्षानुवर्षे बिनदिक्कत वावरत आला आहे : ‘ख्रिस्ती युरोप’. तीर्थयात्रेहून परतलेली मंडळी तो अभिमानाने उच्चारतात. जणू सारा खंड म्हणजे आपल्याच धर्माचा मुलूख. वडीलधारे तोच शब्द हळहळून वापरतात : ‘तिकडची चर्चे ओस पडली, ख्रिस्ती युरोप बुडाला.’ आणि समाजाबाहेरचा एखादा टीकाकार तोच शब्द दगडासारखा आमच्या अंगावर भिरकावतो : ‘तुमचा धर्म युरोपचा, तेव्हा तुमचे मनही तिकडचेच.’ अभिमान, हळहळ आणि हेटाळणी असे तीन सूर; पण तिन्हींच्या तळाशी समजूत एकच. ती समजूत निराधार आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

या समजुतीचे मूळ आमच्या अर्धवट माहितीत आहे. धर्मग्रामांतील प्रश्नमंजूषांत मुले युरोपातील राजधान्या घडाघडा म्हणून दाखवतात आणि आम्ही टाळ्या वाजवतो. पण राजधानी पाठ असणे म्हणजे देश ठाऊक असणे नव्हे. मदर तेरेसांचेच उदाहरण घ्या. त्यांचा जन्म १९१० साली स्कोप्ये या शहरात झाला. तो कोणत्या देशात? त्या वर्षी तेथे तुर्की सुलतानाचा अंमल होता. बाल्कन युद्धांनंतर ते सर्बियाकडे गेले, पुढे युगोस्लाव्हियात आले, १९९१ पासून स्वतंत्र मॅसिडोनियात आणि २०१९ पासून ‘उत्तर मॅसिडोनिया’ असे नाव धारण केलेल्या त्याच देशात आहे. मदर स्वतः अल्बेनियन वंशाच्या कॅथलिक, म्हणजे आपल्या जन्मगावीच अल्पसंख्य. त्यांची आई अल्बेनियाची राजधानी तिराना येथे राहत होती. त्या देशाने १९६७ साली सर्वच धर्मांवर बंदी घातली. १९७२ साली आई वारली, तोवर मायलेकींची भेट होऊ शकली नाही. अल्बेनिया युरोपातच आहे. मग या आईला ‘ख्रिस्ती युरोप’ कोठे दिसला असता?

युरोपची राज्ये ख्रिस्ती म्हणवत होती, हे खरे. परंतु त्यांचे शत्रू-मित्र धर्माने ठरत होते काय? ६ मे १५२७ रोजी पवित्र रोम नगरी लुटली गेली, ती सम्राट पाचव्या चार्ल्सच्या सैन्याकडून. आणि चार्ल्स कॅथलिक होता. पोप सातव्या क्लेमेंट यांना वाचवताना त्या दिवशी १४७ स्विस रक्षक पडले. तीस वर्षांच्या युद्धात (१६१८–१६४८) फ्रान्सचा कारभार एका कार्डिनलच्या, रिशेल्यूच्या हाती होता. त्याने १६३१ साली लुथरपंथीय स्वीडनशी करार करून कॅथलिक सम्राटाविरुद्ध लढण्यासाठी पैसा पुरवला. पोलंडची गोष्ट तर अधिक दुःखद. १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन वेळी रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया यांनी त्याचे लचके तोडले (मधल्या फाळणीत तेवढा ऑस्ट्रियाचा हात नव्हता), आणि १२३ वर्षे तो देश नकाशावरून नाहीसा झाला. लचके तोडणाऱ्यांत कॅथलिक ऑस्ट्रियाही होता, हे आम्ही सोयीने विसरतो. आणि आजचे काय? २०२२ च्या फेब्रुवारीत रशियाने युक्रेनवर सर्वंकष आक्रमण केले. दोन्ही देश आपल्या ख्रिस्ती परंपरेचा उगम ९८८ सालच्या एकाच बाप्तिस्म्यात शोधतात.

याहून महत्त्वाची गोष्ट अशी की, युरोपातील राज्यांनी खुद्द ख्रिस्तसभेलाही सुखाने नांदू दिले नाही. स्वीडनमध्ये १८५८ साली सहा स्त्रियांना हद्दपारीची शिक्षा झाली. त्यांचा गुन्हा एवढाच, की त्या कॅथलिक झाल्या होत्या. नॉर्वेच्या घटनेने येशूसंघीयांना घातलेली बंदी १९५६ पर्यंत टिकली. स्वित्झर्लंडमध्ये तशीच बंदी उठण्यास १९७३ साल उजाडावे लागले. ही झाली प्रॉटेस्टंट बहुसंख्येची वा मिश्र राज्ये. पण कॅथलिक राज्ये तरी कोठे मागे होती? पोर्तुगालने १७५९ साली, फ्रान्सने १७६४ साली आणि स्पेनने १७६७ साली येशूसंघ मोडीत काढला. १७७३ साली पोप चौदाव्या क्लेमेंट यांना या राजांच्या दडपणाखाली तो बरखास्त करावा लागला. त्या काळात या संघाला आसरा मिळाला तो ऑर्थोडॉक्स रशियाच्या राणी कॅथरीनच्या राज्यात!

आमच्या यात्रेकरूंना प्रिय असलेली फातिमा घ्या. १९१० साली पोर्तुगालमध्ये प्रजासत्ताक आले, त्याने व्रतस्थांना देशाबाहेर घालवले आणि पुढच्या वर्षी चर्च व राज्य यांची फारकत केली. १९१७ सालच्या ऑगस्टमध्ये लुसिया, फ्रान्सिस्को आणि जासिंता या तीन गुराखी मुलांना स्थानिक सरकारी प्रशासकाने अटकेत ठेवून धमकावले. दहा दिवसांत सात देश पाहून आलेल्या आमच्या बंधुभगिनी फातिमेची मेणबत्ती घरी आणतात. ही हकीकत किती जण आणतात? त्या मुलांच्या श्रद्धेच्या मागे कोणतेही ख्रिस्ती राज्य उभे नव्हते. तिचे मोल तेथेच आहे.

येथे कोणी म्हणेल, ‘पण आपल्याकडे हा धर्म पोर्तुगीजांनीच आणला ना?’ आम्ही हा आक्षेप टाळू इच्छित नाही. १५३४ साली वसई गुजरातच्या बहादूरशाहाकडून पोर्तुगीजांकडे आली, आणि उत्तर कोकणातील बहुतेक कॅथलिक कुटुंबांची परंपरा त्यानंतरच्या काळातली आहे. ते ऋण आम्ही नाकारत नाही. मात्र दोन गोष्टी ध्यानी घ्याव्यात. पहिली, १३२१ साली चार फ्रान्सिस्कन व्रतस्थांना ठाण्यात हौतात्म्य आले. त्यांना आपल्या घरी उतरवून घेणारे लोक ठाण्यातलेच ख्रिस्ती, पूर्वेकडील सिरियन परंपरेतले. त्यांचे सोबती जॉर्डनस यांनी त्याच सुमारास सोपाऱ्याच्या परिसरात बाप्तिस्मे दिले. युरोपातील लिथुआनिया राष्ट्राचा बाप्तिस्मा झाला १३८७ साली. म्हणजे लिथुआनियाचे राजे अग्निपूजा आणि वृक्षपूजा करीत असताना ठाण्यात ख्रिस्ती घरांतून प्रार्थना होत होती. केरळची परंपरा तर याहून कित्येक शतके जुनी.

दुसरी गोष्ट अधिक मोलाची. १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. पोर्तुगीज सत्ता गेली, तिचे किल्लेदार गेले, युरोपीय मिशनरीही गेले. पण शेतात भात लावणारा आणि वाडीत पाणी शिंपणारा कुणबी, कोळी, भंडारी ख्रिस्ती राहिला. गोमंतकीय धर्मगुरूंनी त्याची सेवा केली. राज्याच्या बळावर उभा असलेला धर्म राज्याबरोबर गेला असता. हा गेला नाही. जो टीकाकार आमच्या श्रद्धेला युरोपचे शेपूट म्हणतो, त्याला १७३९ नंतरची ही पावणेतीनशेहून अधिक वर्षे पुरेसे उत्तर आहेत. फक्त ते उत्तर देण्याइतका इतिहास आम्हांला ठाऊक हवा.

मग युरोपकडे पाठ फिरवावी काय? मुळीच नाही. उलट, त्याच्याकडे डोळे उघडून पाहावे. ९ मे १९५० रोजी फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री रोबेर शुमान यांनी फ्रान्स आणि जर्मनी यांचा कोळसा व पोलाद एका सामायिक अधिकाराखाली आणण्याची योजना मांडली. शुमान लक्झेंबर्गमध्ये जन्मलेले, पहिल्या महायुद्धापर्यंत जर्मन नागरिक. त्यांचे इटालियन सहकारी दे गास्पेरी यांचा जन्म तेव्हाच्या ऑस्ट्रियाच्या राज्यातला. जर्मनीचे आडेनाउअर ऱ्हाईनकाठचे. तिघेही श्रद्धाळू कॅथलिक आणि तिघेही सीमाप्रदेशातले. सीमा किती घरे मोडते हे त्यांनी पाहिले होते. त्यांनी ख्रिस्ती साम्राज्याची घोषणा दिली नाही; कालच्या वैऱ्याबरोबर हिशेबाची वही उघडली. शुमान यांना २०२१ साली ख्रिस्तसभेने ‘आदरणीय’ ही पदवी दिली. ख्रिस्ती माणसाने राजकारणात काय करावे, याचा हा धडा आमच्या युवक मंडळांत कधी शिकवला जातो?

म्हणून आमचे मागणे साधे आहे. धर्मग्रामाच्या वाचनालयात युरोपचा एक ऐतिहासिक नकाशासंग्रह ठेवा. प्रश्नमंजूषेत ‘राजधानी कोणती’ याच्या जोडीला ‘ही सीमा येथे का आली’ असे विचारा. यात्रेला निघणाऱ्यांना विमानतळावर टोप्या वाटण्याआधी त्या देशाचा तासभर इतिहास सांगा. नोकरीसाठी तिकडे जाणाऱ्या आमच्या मुलामुलींना अगोदरच कळू द्या, की तेथे त्यांना धर्मबंधूंचे साम्राज्य भेटणार नाही. भेटतील ती वेगवेगळ्या जखमा बाळगणारी राष्ट्रे. ज्याला युरोप नीट कळला, तो त्याच्यापुढे लाचारही होणार नाही आणि त्याच्या ओस चर्चांकडे पाहून धीरही सोडणार नाही. आमची श्रद्धा कोणत्याही राज्याकडून उसनी आणलेली नाही. तेव्हा ती कोणाला परत करण्याचा प्रश्नच उद्भवत नाही.