अंगणातली स्पॅनिश पोळी



दिवाळीच्या सुटीत माझ्या लेकीनं हट्टच धरला, "आई, आपण फ्रिटाटा करायचा!" नाव ऐकून घाबरू नका. फ्रिटाटा म्हणजे भाज्या घातलेलं, घडी न घालता केलेलं जाडजूड आम्लेट. शब्द इटलीचा. स्पेनमध्ये बटाटा घालून असंच जाड आम्लेट करतात, त्याला म्हणतात तोर्तिया. गंमत म्हणजे मेक्सिकोत तोर्तिया मागितलात तर मक्याची भाकरी हातात पडेल!

पण आमच्याकडे अडचण वेगळीच होती. सासूबाई माळकरी. अंडं स्वयंपाकघरात आणायचं नाही, हा घरचा नियम. वसमतकडच्या तुमच्यापैकी कितीतरी जणांच्या घरी असाच असेल. मग अंगणातली चूल पेटवली आणि वेगळी ठेवलेली लोखंडी कढई काढली.

साहित्य अगदी साधं. ४ अंडी, १ ढोबळी मिरची, १ कांदा, चीजचे २ चौकोनी तुकडे, २ चमचे दूध, तेल, मिरपूड. मीठ बेतानंच घाला, कारण चीज खारट असतं. ढोबळी मिरची लाल मिळाली तर छान. हिरवी म्हणजे कच्ची, लाल म्हणजे पिकलेली, म्हणून ती गोड लागते. आणि मिरची मुळात आपली नव्हेच बरं का! ती अमेरिका खंडातली. १४९२ नंतर कोलंबसाच्या सफरींमुळे स्पेनला पोचली आणि सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी ती भारतात आणली. म्हणजे त्याआधी आपल्या ठेच्यात मिरची नव्हतीच. आता बोला!

कांदा-मिरची तेलात मऊ होईपर्यंत परतली. अंडी दूध घालून फेटली, त्यात किसलेलं चीज घातलं आणि सगळं कढईत ओतलं. लेकीनं गुपचूप चिमूटभर हळदही टाकली. हळदीच्या मुलखातली पोरगी, दुसरं काय करणार?

पहिला घाणा मी बिघडवला. जाळ मोठा ठेवला, त्यामुळे खालून कोळसा आणि वरून पातळ. अंडं साधारण ६० ते ७० अंशांतच घट्ट होतं, पाणी उकळायला मात्र १०० लागतात. म्हणून आच मंदच हवी. मुलांना शाळेत हे शिकवते मी, आणि घरी विसरले!

उरलेली अंडी होती चारच. लेकीचा चेहरा पडला. तेवढ्यात ओसरीवरून सासूबाई म्हणाल्या, "अगं, जाळ ओढून घे. वर ताटली ठेव अन् तिच्यावर निखारे. आम्ही नानकटाई अशीच भाजायचो." अंड्याकडे बघायचं नाही म्हणून तोंड फिरवून बसल्या होत्या, पण लक्ष सगळं इकडेच!

निखारे मी चिमट्यानं ठेवले. मुलांनो, हे काम मोठ्यांचंच. गॅसवर करणार असाल तर झाकण ठेवून अगदी मंद आचेवर शिजवा. वरचा थर धरत आला की स्पेनमधल्यासारखं कढईवर ताट पालथं घालून सगळं उलटवा आणि परत कढईत सरकवा. इथेही आई-बाबांना हाक मारा. मधोमध सुरी खुपसून बघा, ओलं अंडं लागलं तर अजून शिजू द्या. कच्चं अंडं पोटात नको.

पंधरा-वीस मिनिटांनी ताटली उचलली. पोळी टम्म फुगलेली, वरून बदामी. ज्वारीच्या भाकरीसोबत आम्ही अंगणातच बसून खाल्ली. सासूबाईंनी नुसतंच विचारलं, "निखाऱ्यानं जमलं ना गं?"