सात वर्षांची सबब

'दर्यात गेलेला माणूस सात वर्षे सापडला नाही, तरच तो मेला असे धरता येते. कायदाच तसा, आम्ही काय करणार?' देवगड-मालवण-वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावर बेपत्ता खलाशाच्या घरच्यांना हे ऐकवले जाते. ते चूक आहे.

जुन्या पुरावा कायद्याचे कलम १०८, आता भारतीय साक्ष्य अधिनियमाचे कलम १११, एवढेच सांगते: सात वर्षे आप्तांना खबर लागली नाही, तर माणूस जिवंत आहे हे सिद्ध करण्याचा भार तसे म्हणणाऱ्यावर. त्याआधी मृत्यू सिद्ध करायला मनाई कुठे आहे? होडी उलटताना वाचलेल्या खलाशांनी पाहिले, हा पुरावा नव्हे काय? चमोलीत ७ फेब्रुवारी २०२१ ला पूर आला. बेपत्तांना मृत ठरवण्याची अधिसूचना त्याच महिन्यात निघाली. तिथे काही वेगळा कायदा नव्हता.

शास्त्रसुद्धा इतके ढोबळ नाही. ज्याची खबरच नाही त्याच्यासाठी ते बारा वर्षे थांबवते. मरण कळले पण देह मिळाला नाही, तर पळसाच्या पानांचा पर्णनर करून दहन सांगते. भटजींना कळणारा हा फरक कचेरीला कळू नये!

दुसरा आक्षेप मात्र वजनदार. लवकर दाखला म्हणजे घरच्यांची आशा मारणे. ११ नोव्हेंबर २००९ च्या फयान वादळानंतर 'तो येतलो' म्हणत बसलेल्या घरांना कोण काय सांगणार? अशा घरात बारावे नाही, तेरावे नाही. सोयरे येतात, समाचाराला आलो की धीर द्यायला हे त्यांनाच ठाऊक नसते, चहा पिऊन उठतात. शेजारणीला प्रश्न पडतो, हळदीकुंकवाला बोलवावे की नाही. बोलावले तर टोचते, नाही बोलावले तर त्याहून जास्त. व्हिएतनाम युद्धातल्या बेपत्ता वैमानिकांच्या कुटुंबांत काम केलेल्या अमेरिकी अभ्यासक पॉलीन बॉस यांचेही सांगणे हेच, की अशा दुःखाला जबरदस्तीने शेवट लावू नये.

कबूल. म्हणूनच कागद आणि कुंकू वेगळे ठेवा. कुंकू कधी पुसायचे, पुसायचे की नाही, ते तिचे ती ठरवील. बँकेचा हप्ता मात्र तिच्यासाठी थांबत नाही, आणि मच्छीमारांच्या गट अपघात विम्याचे ५ लाख दाखल्यावाचून हलत नाहीत. मत्स्यव्यवसाय खाते, पोलीस आणि मच्छीमार सोसायटीने मिळून चौकशी करावी, हरकतींना मुदत द्यावी आणि दाखला द्यावा. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात चुकीची नोंद रद्द करण्याची सोय १९६९ पासून आहे. तो खरोखर परतलाच, तर त्या अर्जावर साक्षीदार म्हणून सही करायला अख्खी वाडी धावेल.