'प्यूब्लो': मालवाहू बोटीची हेरगिरी

उत्तर कोरियाच्या राजधानीत, प्याँगयांगच्या युद्धसंग्रहालयालगत, पोटोंग नदीच्या पाण्यात एक लहानशी बोट नांगरून ठेवलेली आहे. साम्राज्यवादावरील विजयाचे स्मारक म्हणून ती लोकांना दाखविली जाते. अमेरिकेच्या आरमारी नोंदवहीत मात्र ती अद्याप सेवेतीलच बोट आहे. एकीकडे विजयचिन्ह, दुसरीकडे चोरीला गेलेली मालमत्ता! या बोटीचे मूळ काम काय होते, हे सांगण्याची तसदी मात्र दोन्ही पक्ष सहसा घेत नाहीत.

ती माल वाहण्यासाठी बांधलेली बोट होती. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन भूसेनेला किनाऱ्याकिनाऱ्याने रसद आणि माणसे पोहोचविण्यासाठी लहान बोटी हव्या होत्या. मिशिगन सरोवराच्या काठी, विस्कॉन्सिनमधील केवॉनी गावच्या गोदीतून एप्रिल १९४४ मध्ये ती पाण्यात उतरली. लांबी १७७ फूट, वेग तासाला जेमतेम १३ सागरी मैल. नावाऐवजी तिला 'एफपी-३४४' हा क्रमांक होता. १९५४ मध्ये तिला सेवेतून काढून बाजूला ठेवले गेले.

१९६६ मध्ये आरमाराने ही निवृत्त बोट उचलली. तिला 'प्यूब्लो' हे नाव दिले, प्रथम 'हलकी मालवाहू' म्हणून नोंदले आणि १९६७ मध्ये 'पर्यावरण-संशोधन बोट' ठरविले. समुद्रविज्ञानाचे दोन नागरी अभ्यासकही तिच्यावर होते. परंतु तिचे खरे काम परक्या किनाऱ्यावरील संदेश चोरून ऐकणे हे होते. शास्त्राच्या नावाची इतकी स्वस्त विटंबना क्वचितच झाली असेल.

आता या हेरबोटीची तयारी पाहावी. सुकाणूची यंत्रणा चाचण्यांतच वारंवार बंद पडत होती. गुप्त यंत्रे क्षणात नष्ट करण्याची सोय कप्तान लॉइड ब्युकर यांनी मागितली, ती नाकारण्यात आली. खलाशांच्या हाती उरले घण, कुऱ्हाडी आणि एक लहानशी भट्टी. संरक्षणासाठी दोन मशीनगन होत्या. त्यांवरील ताडपत्री थंडीने गोठून गेली होती. वरिष्ठांनी मोहिमेतील धोका 'अत्यल्प' ठरविला होता. जून १९६७ मध्ये 'लिबर्टी' या अशाच रूपांतरित मालवाहू जहाजावर इस्रायलने हल्ला केला आणि ३४ अमेरिकन मारले गेले; त्याला आठ महिनेही झालेले नव्हते. कागदावर धोका 'अत्यल्प' लिहिणारा अधिकारी त्या बोटीवर बसणार नसतो, हे येथे ध्यानात घ्यावे.

२३ जानेवारी १९६८ रोजी वोन्सान बंदराबाहेर उत्तर कोरियाच्या नौकांनी तिला घेरले. वर मिग विमाने घिरट्या घालू लागली. दोनच दिवसांपूर्वी उत्तर कोरियाच्या सैनिकांनी सेऊलमध्ये दक्षिणेच्या राष्ट्राध्यक्षांच्या हत्येचा प्रयत्न केला होता. त्याची वार्ता बोटीला कोणी कळविली नव्हती. मदतीची हाक गेली, परंतु मदत आली नाही. दक्षिण कोरियातील अमेरिकन विमाने अण्वस्त्रांसाठी सज्ज होती, साध्या शस्त्रांसाठी नव्हेत! जग जाळण्याची सिद्धता, पण ८३ माणसे वाचविण्याची नाही. एक खलाशी मारला गेला, ८२ कैदेत गेले.

बोट १२ सागरी मैलांच्या आत होती की बाहेर, यावर आजही वाद घातला जातो. अमेरिका म्हणते बाहेर, उत्तर कोरिया म्हणतो आत. परंतु कैद्यांना अकरा महिने मारझोड करण्याचा, कप्तानाला खोट्या देहदंडापुढे उभे करून कबुलीजबाब लिहून घेण्याचा अधिकार कोणत्याही मैलाने मिळत नाही. साम्राज्यशाहीचा निषेध करताना या छळाकडे डोळेझाक करणाऱ्या पुरोगाम्यांनी तो निषेध पोकळ करून टाकला. श्रमिकांचे राज्य म्हणविणाऱ्या सत्तेने पकडले ते खलाशी आणि तंत्रज्ञ; त्यांना धाडणारे सेनापती वॉशिंग्टनमध्ये सुखरूप होते.

सुटकेचे नाट्य तर अधिकच उद्बोधक आहे. २३ डिसेंबर १९६८ रोजी अमेरिकेच्या प्रतिनिधीने माफीपत्रावर सही केली. सहीपूर्वीच त्यातील मजकूर खोटा असल्याचे त्याने जाहीर केले होते. दोन्ही सरकारांची अब्रू अशा रीतीने शाबूत राहिली. सुटून आलेल्या ब्युकर यांच्यावर मात्र लष्करी खटला भरावा, अशी शिफारस आरमाराच्याच चौकशी मंडळाने केली! १९६९ मध्ये आरमारमंत्री जॉन चॅफी यांनी 'त्यांनी पुरेसे सोसले आहे' अशा आशयाचे सांगून ती फेटाळली. धोका अत्यल्प लिहिणाऱ्यांचे काय झाले, हा प्रश्न उरतोच. शेळी जाते जिवानिशी, खाणारा म्हणतो वातड.

युद्ध घोषित नव्हते, म्हणून हे खलाशी युद्धकैदी नव्हेत, असा युक्तिवाद पुढे वर्षानुवर्षे चालला. युद्धकैद्यांचे पदक त्यांना १९९० मध्ये मिळाले. २०२१ मध्ये अमेरिकेच्या एका न्यायालयाने उत्तर कोरियाने त्यांना व त्यांच्या कुटुंबीयांना सुमारे २३० कोटी डॉलर द्यावेत, असा निकाल दिला. तोवर ब्युकर यांना जाऊन १७ वर्षे झाली होती.